कॅटरिनाच्या वृत्तांताची फेरतपासणी

सप्टेंबर २००५ मध्ये मुंबईकरांच्या संगणकांवर एक ई-मेल फिरत होता. २६ जुलैच्या प्रलयाला जेमतेम दीड महिना झाला होता आणि तिकडे अमेरिकेत २९ ऑगस्टला कॅटरिना चक्रीवादळाने न्यू ऑर्लिन्स शहर बुडवले होते. त्या ई-मेलमध्ये दोन्ही शहरांची तुलना होती. पाऊस किती, लोकसंख्या किती, पहिल्या दोन दिवसांत मृत किती, लष्कर किती तासांत पोहोचले. शेवटी हिंसाचार आणि गोळीबाराच्या घटना : तिकडे असंख्य, इकडे एकही नाही. मग प्रगत राष्ट्र कोणते, असा खोचक सवाल. ज्याच्याकडे तो पोहोचला त्याने तो अभिमानाने पुढे धाडला. प्रस्तुत प्रतिनिधी तेव्हा शाळेत होता. घरातील वडीलधाऱ्यांनी तो ई-मेल मोठ्याने वाचून दाखविल्याचे आजही आठवते.

त्यातील हिंसाचाराची ती ओळ बव्हंशी खोटी होती. ती मुंबईत कोणी रचलेली नव्हती. अमेरिकी वृत्तवाहिन्या आणि वृत्तपत्रे त्या आठवड्यात जगाला जे सांगत होती, तेच तिच्यात उतरले होते. ‘द अटलांटिक’ या अमेरिकी नियतकालिकाने मार्च २०२० मध्ये, करोनाची साथ जगभर पसरत असताना, प्रसिद्ध केलेली ‘फ्लडलाइन्स’ ही आठ भागांची पॉडकास्ट मालिका ऐकताना याची प्रकर्षाने जाणीव होते. पत्रकार व्हॅन न्यूकर्क यांच्या निवेदनातून उलगडणाऱ्या या मालिकेला पुढे प्रतिष्ठेचा पीबडी पुरस्कारही मिळाला. वादळाची हकिगत सांगणे एवढाच तिचा हेतू नाही. त्या वेळी जे सांगितले गेले ते कसे चुकले आणि त्या चुकीची किंमत कोणी मोजली, याचा ती शोध घेते.

मुळात न्यू ऑर्लिन्स बुडाले ते निव्वळ वादळामुळे नव्हे. किनाऱ्यावर आदळताना कॅटरिना तिसऱ्या श्रेणीचे वादळ होते आणि त्याचा केंद्रभाग शहराच्या पूर्वेकडून निघून गेला. ‘शहर थोडक्यात बचावले’ अशी भावना त्या सकाळी अनेक वार्ताहरांनी बोलूनही दाखविली. त्याच वेळी शहराभोवतीचे पूररोधक बांध पन्नासहून अधिक ठिकाणी फुटत होते. सतराव्या रस्त्याचा कालवा आणि लंडन अव्हेन्यू कालवा यांच्या संरक्षक भिंती तर पाणी त्यांच्या माथ्यापर्यंत चढण्यापूर्वीच कोसळल्या. शहराचा सुमारे ८० टक्के भाग पाण्याखाली गेला. १९६५ मधील बेट्सी चक्रीवादळानंतर या बांधांच्या आराखड्याची आणि उभारणीची जबाबदारी लष्कराच्या अभियंता दलाकडे सोपविण्यात आली होती. आराखड्यातच दोष होते, ही कबुली त्या दलाने जून २००६ मध्ये दिली. तथापि पूरनियंत्रणाच्या कामांसाठी सरकारवर नुकसानभरपाईचा दावा लावता येत नाही, असे १९२८ चा कायदा सांगतो. परिणामी बांध फुटल्याबद्दलचे नागरिकांचे दावे न्यायालयात टिकले नाहीत. चूक मान्य, भरपाई नाही!

मात्र मालिकेचा गाभा आहे तो पाणी शिरल्यानंतरच्या पाच-सहा दिवसांत. २८ ऑगस्टला शहर सोडण्याचा आदेश निघाला, तेव्हा लाखाहून अधिक रहिवाशांकडे मोटारगाडी नव्हती. त्यात महिनाअखेर, हातावर पोट असणाऱ्यांच्या खिशात पेट्रोलला किंवा हॉटेलच्या खोलीला पैसे कोठून असणार? ‘हे लोक मागे का थांबले’ असे दूरचित्रवाणीवर विचारणाऱ्यांना एवढा साधा हिशेब सुचला नाही. मागे राहिलेल्यांत बहुसंख्य कृष्णवर्णीय होते. हजारो जण सुपरडोम या क्रीडागारात आणि शहराच्या कन्व्हेन्शन सेंटरमध्ये अन्नपाण्याविना अडकले. सुपरडोममध्ये शेकडो प्रेते पडली आहेत, लहान मुलांवर अत्याचार होत आहेत, बचावाच्या हेलिकॉप्टरवर गोळ्या झाडल्या जात आहेत, अशा वार्ता तासागणिक येऊ लागल्या. खुद्द पोलीसप्रमुख एडी कॉम्पास यांनी लोकप्रिय दूरचित्रवाणी कार्यक्रमात त्यांना दुजोरा दिला. त्याच सुमारास वृत्तसंस्थांची दोन छायाचित्रे गाजली. दोन्हींत माणसे छातीभर पाण्यातून खाद्यपदार्थ नेत होती. कृष्णवर्णीय तरुणाच्या छायाचित्राखाली ‘लूट’ असा शब्द होता, गोऱ्या जोडप्याला मात्र त्या वस्तू ‘सापडल्या’ होत्या.

या वार्तांचा परिणाम केवळ बदनामीपुरता नव्हता. ३१ ऑगस्टच्या रात्री महापौर रे नॅगिन यांनी सुमारे १५०० पोलिसांना बचावकार्य सोडून लूटमार रोखण्यास जाण्याचा आदेश दिला. घरांच्या छपरांवर माणसे मदतीसाठी हात हलवीत असताना हे घडत होते. शहरात दाखल होणाऱ्या सैनिकांना गोळ्या घालून ठार मारता येते आणि गरज पडल्यास ते तसे करतील, असे राज्याच्या गव्हर्नर कॅथलीन ब्लँको यांनी जाहीरपणे सांगितले. १ सप्टेंबरला पायी पूल ओलांडून शहराबाहेर पडू पाहणाऱ्या पूरग्रस्तांना पलीकडच्या ग्रेटना उपनगरातील पोलिसांनी बंदुका रोखून परत पाठविले. ४ सप्टेंबरला डॅन्झिगर पुलावर पोलिसांनी नि:शस्त्र नागरिकांवर गोळीबार केला. त्यात दोघे ठार व चौघे जखमी झाले. त्या पोलिसांनी गुन्हा कबूल करायला २०१६ साल उजाडले.

आणि सुपरडोममधील ती शेकडो प्रेते? प्रत्यक्षात तेथे सहा मृतदेह मिळाले. चौघांचा नैसर्गिक मृत्यू, एक मृत्यू अमली पदार्थाच्या अतिसेवनाने, तर एकाची आत्महत्या. खून एकही नाही. हे सत्य न्यू ऑर्लिन्सच्याच ‘टाइम्स-पिकायून’ या दैनिकाने सप्टेंबरअखेर छापले. पोलीसप्रमुख त्याच सुमारास पायउतार झाले. पण तोवर तो ई-मेल मुंबईत येऊन पोहोचला होता, आणि खुलाशांचे ई-मेल कोणी पुढे धाडत नसते.

माध्यम म्हणून ध्वनीची निवड येथे विशेष फलदायी ठरली आहे. कॅटरिनाची दृश्ये आपण इतक्यांदा पाहिली आहेत की ती पाहून आता काही नवे उमगत नाही. किंबहुना ‘लूट’ आणि ‘सापडणे’ हा भेद त्या दृश्यांतूनच रुजला. न्यूकर्क श्रोत्याला केवळ आवाजांच्या हवाली करतात. वादळाच्या वेळी शाळकरी वयाची असलेली ट्रेमे वस्तीतील एक तरुणी आपली कहाणी स्वत:च्या बोलीत, स्वत:च्या गतीने सांगते. ती ऐकताना ‘पूरग्रस्त’ हा समुदायवाचक शब्द गळून पडतो. याच मालिकेत केंद्रीय आपत्कालीन व्यवस्थापन यंत्रणेचे, म्हणजे ‘फेमा’चे, तत्कालीन प्रमुख मायकेल ब्राऊन यांचीही दीर्घ मुलाखत आहे. कन्व्हेन्शन सेंटरमध्ये हजारो लोक अडकल्याचे सरकारला आजच समजले, असे १ सप्टेंबरला दूरचित्रवाणीवर सांगणारे अधिकारी ते हेच. न्यूकर्क त्यांच्यावर आवाज चढवीत नाहीत. फक्त विचारत राहतात.

मालिकेत उणिवा नाहीत असे नाही. मिसिसिपी राज्याच्या किनाऱ्यावर समुद्राची लाट २५ फुटांहून उंच उसळली, गावेच्या गावे पुसली गेली. त्या लोकांच्या वाट्याला येथे फारसे काही आलेले नाही. न्यू ऑर्लिन्सच्या वलयापुढे ही उपेक्षा त्यांच्या सवयीची झाली असावी. पुनर्वसनाची कथा मात्र नेटकी आली आहे. ‘रोड होम’ योजनेत घरबांधणीचे अनुदान घराची वादळापूर्वीची किंमत किंवा दुरुस्तीचा खर्च, यांपैकी जे कमी असेल त्यावर ठरत असे. कृष्णवर्णीय वस्त्यांत घरांच्या किमती मुळातच कमी असल्याने तितक्याच पडझडीला तेथे कमी पैसे मिळाले. २००० मध्ये शहराची लोकसंख्या ४ लाख ८४ हजार होती, २०२० मध्ये ती ३ लाख ८४ हजारांवर आली. न परतलेल्यांत कृष्णवर्णीयांचेच प्रमाण सर्वाधिक.

मुंबईच्या त्या ई-मेलकडे आता पुन्हा पाहावेसे वाटते. त्यातील मुंबईच्या मृतांचा आकडा पहिल्या दोन दिवसांचा होता. पुढे राज्यातील बळींची संख्या हजारावर गेली. मुंबईकरांनी एकमेकांना हात दिला, हे खरेच. पण ‘मुंबईचे स्पिरिट’ या शब्दांच्या आड मिठी नदीचे आक्रसलेले पात्र आणि ‘ब्रिमस्टोवॅड’चा १९९३ पासून रखडलेला अहवाल सोयीस्करपणे झाकला गेला. माधवराव चितळे समितीने ते सारे पुढे मांडले, तरी ई-मेलइतके वाचक त्या अहवालाला लाभले नाहीत. तिकडे खलनायकांची गोष्ट रंगविली गेली, इकडे नायकांची. दोन्हीकडे बांध आणि नाले बांधणारे मात्र गोष्टीबाहेर राहिले.

न्यू ऑर्लिन्सभोवती नंतर सुमारे साडेचौदा अब्ज डॉलर खर्चून नवी पूररोधक यंत्रणा उभी राहिली. २९ ऑगस्ट २०२१ रोजी, बरोबर सोळा वर्षांनी, आयडा चक्रीवादळ आले तेव्हा ती टिकली. वीज मात्र शहरभर गेली. कॅटरिनाच्या बळींचा १८३३ हा रूढ आकडा राष्ट्रीय चक्रीवादळ केंद्राने २०२३ मध्ये फेरतपासणीनंतर १३९२ असा केला. ऑगस्ट २०२५ मध्ये, विसाव्या स्मृतिदिनाच्या तोंडावर, ‘फेमा’च्या १८० हून अधिक आजी-माजी कर्मचाऱ्यांनी ‘कॅटरिना जाहीरनामा’ या नावाने अमेरिकी काँग्रेसला पत्र लिहिले. कॅटरिनानंतर केलेल्या सुधारणा मोडीत काढल्या जात असून अननुभवी नेतृत्वामुळे तशीच आपत्ती पुन्हा ओढवू शकते, असा इशारा त्यात होता. स्वाक्षरी करणाऱ्यांपैकी काही जणांना दुसऱ्याच दिवशी सक्तीच्या रजेवर पाठविण्यात आले.