पहिली मोहिनी

आमच्या खामगावात दिवाळीच्या सुमारास दोन गोष्टी हमखास सुरू होतात : जिनांत नव्या कापसाची आवक आणि कॉलेजात स्नेहसंमेलनाच्या नाटकाची धावपळ. नाटक बसवण्याचे काम मराठीच्या प्राध्यापकाकडे, म्हणजे वहिवाटीने माझ्याकडे येते. यंदा नायिकेसाठी दुसऱ्या वर्षाची एक मुलगी निवडली. आवाज खणखणीत, पाठांतर चोख. मी खूश झालो. तिसऱ्या दिवशी सकाळी तिचे वडील दारात हजर!

जिनात मुनीम असलेला साधा, सरळ माणूस. आमच्या सौ.ने ठेवलेल्या चहाला हात न लावता म्हणाले, "सर, पोरीले नाटकातून काढून टाका. लोक काय म्हनतीन?"

या 'लोकां'चे नाव निघाले की मला दुर्गाबाई कामत आठवतात. म्हटले, "भाऊ, चहा घ्या आणि एक हकीकत ऐका."

दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' हा मूकपट काढला, तेव्हा तारामतीच्या कामाला त्यांना एकही स्त्री मिळाली नाही. वेश्यावस्तीतसुद्धा विचारून झाले. अखेर उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके यांना लुगडे नेसवून तारामती सजवावी लागली. हेच साळुंके १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये राम आणि सीता दोन्ही झाले!

पण त्याआधीच, 'हरिश्चंद्र'पाठोपाठ फाळक्यांनी 'मोहिनी भस्मासुर' घेतला आणि त्यात दोन खऱ्या स्त्रिया पडद्यावर आल्या. दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि त्यांची तेरा-चौदा वर्षांची मुलगी कमला मोहिनी झाली. गंमत पाहा. पुराणातली मोहिनी म्हणजे स्त्रीरूप घेतलेले विष्णू. लुगडे नेसलेल्या पुरुषाला शोभावी अशीच ती भूमिका. नेमकी तिथेच खरी मुलगी उभी राहिली.

ही काही हौस नव्हती. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, पदरी पोर. त्या काळी अशा बाईपुढे वाटा किती? दुसऱ्याच्या घरची धुणीभांडी, नाहीतर त्याहूनही वाईट. त्यांनी नाटकाची वाट धरली. समाजाने त्यांना दूर लोटले. पण वाळीत टाकणारे लोक भाकरी थोडीच वाढतात!

मुनीमजी गप्प होते. मग हळूच म्हणाले, "मंग त्या पोरीचं पुढं काय झालं?"

मी इतकी वर्षे वर्गात ही हकीकत सांगतो. हा प्रश्न कुणी विचारला नव्हता. विचारणारा बाप होता.

कमलाबाईंचे लग्न रघुनाथराव गोखल्यांशी झाले. तेही रंगभूमीवरचे नट. पण पंचविशीच्या आसपास कमलाबाईंना वैधव्य आले आणि तीन मुलांचा भार एकटीवर पडला. त्या पुन्हा तोंडाला रंग लावून उभ्या राहिल्या. नाटकांत पुरुषांच्या भूमिकाही केल्या; बोलपट आले तेव्हा त्यांतही कामे केली. थोरले चंद्रकांत गोखले (१९२१–२००८) नामांकित नट झाले, लालजी आणि सूर्यकांत यांनी तबल्यात नाव मिळवले. २०२२ साली गेलेले विक्रम गोखले हे त्यांचे नातू. १९९० च्या सुमारास रीना मोहन यांनी त्यांच्यावर एक माहितीपट केला, तेव्हा नव्वदीला टेकलेली ही बाई कॅमेऱ्यासमोर ठसक्यात बोलत होती.

"म्हंजे घर बाईनंच चालवलं," मुनीमजी म्हणाले. गार झालेला चहा एका घोटात संपवून उठले. "पाहतो," एवढेच बोलले.

दुसऱ्या दिवशी मुलगी तालमीला आली. अर्धा तास उशिरा, आणि पहारेकरी म्हणून धाकट्या भावाला घेऊन. असो, आली.

वाचकहो, मुनीमजींना एक गोष्ट मात्र मी सांगितली नाही. वीसेक वर्षांपूर्वी माझ्या धाकट्या बहिणीची तिच्या कॉलेजच्या नाटकात अशीच निवड झाली होती. घरात सल्ला विचारला गेला तो माझा, कारण मी एम. ए. मराठी! मी ऐटीत सांगितले, "नाटके वाचावीत. चांगल्या घरच्या मुलींनी ती करू नयेत." दुर्गाबाईंचे नाव तेव्हाही मला ठाऊक होते, परीक्षेत त्यावर गुण मिळवले होते.

बहीण रडली नाही, भांडलीही नाही. तिने वही मिटून कपाटात ठेवली. आता ती अकोल्याला नांदते आहे. दर भाऊबीजेला मी जातो, ती ओवाळते, आम्ही फराळ करतो. भांडी आवरताना कधी कधी ती त्या नाटकातली वाक्ये पुटपुटते. एक शब्द विसरलेली नाही.

मी ती ऐकतो आणि वर्तमानपत्र उघडतो. यंदाच्या भाऊबीजेला ते उघडायचे नाही, असे ठरवले आहे. ओवाळणीच्या ताटात काय टाकावे, हे मात्र अजून सुचलेले नाही.