वेदनाशमन ही भीक नव्हे

बळावलेल्या कर्करोगाच्या रुग्णाला ‘आता काही करण्यासारखे नाही’ असे सांगून घरी धाडले जाते. हे विधान खोटे आहे. हाडांत पसरलेल्या रोगाची कळ किरणोपचाराच्या एकाच मात्रेनेही पुष्कळदा शमते. मॉर्फीनची गोळी तर स्वस्तच. मंदसौर-नीमच भागात सरकारी परवान्याने अफू पिकते, आणि गावोगावचे गरीब रुग्ण तिच्याच अर्काविना तळमळत मरतात! १९८५ च्या अमली पदार्थविषयक कायद्याने डॉक्टर व औषधविक्रेते धास्तावले. २०१४ च्या दुरुस्तीने परवान्याची कटकट कमी केली. धास्ती मात्र उरली. केरळने २००८ मध्ये धोरण आखून या शुश्रूषेत पंचायतींना उतरविले. आपल्या जिल्हा परिषदांपुढे रस्ते-पाण्याबरोबर हीही मागणी कार्यकर्त्यांनी का ठेवू नये?