माया नसलेले कपडे

(द्वितीय वर्ष, कला)

"शिंपी आता संपले हो!" हे वाक्य गेल्या वर्षभरात मी निदान दहा वेळा ऐकले. वर्गात ऐकले, लग्नाच्या पंगतीत ऐकले, एस.टी.त ऐकले. एकदा तर माझ्या वडिलांच्या दुकानात, त्यांच्याच समोर स्टुलावर बसून, विकत आणलेल्या जीन्सची लांबी कमी करून घेता घेता एका गृहस्थांनी ते उच्चारले. अण्णांनी दातांनी दोरा तोडला आणि "चाळीस रुपये" एवढेच म्हणाले.

माझे वडील टेलर आहेत. हे साधे वाक्य लिहायला मला दोन वर्षे लागली. पहिल्या वर्षीच्या प्रवेशअर्जात 'वडिलांचा व्यवसाय' या रकान्यात मी 'स्वतःचा धंदा' असे मोघम लिहिले होते. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढणारी मीच पहिली. त्यामुळे कुठे काय लपवायचे असते हे मला कुणी शिकवलेले नव्हते, तरी ते आपोआप जमले! असो. हा लेख अभ्यासपूर्ण वगैरे नाही. पण ज्या विषयावर सगळेच अधिकाराने बोलतात, तो विषय आमच्या घरी रोज रात्री अकरापर्यंत पाय हलवीत बसलेला असतो. म्हणून चार शब्द लिहिण्याचे धाडस करीत आहे.

आमचे गाव सोलापूर जिल्ह्यातले, तालुक्याचे. आजोबांनी हप्त्यावर घेतलेले पायमशीन अजून दुकानात आहे. वर भिंतीवर नामदेव महाराजांची तसबीर, खाली लाकडी फळीवर कात्री, खडू, टेप आणि मापांच्या वह्या. या वह्या मी लहानपणी गोष्टीच्या पुस्तकासारख्या वाचीत असे. उंची, छाती, कंबर, सीट, बाही, गळा हे आकडे तर असतच. पण शेजारी अण्णांच्या बारीक अक्षरात शेरे असत. 'उजवा खांदा उतरता.' 'पोट पुढे, समोरून अर्धा इंच जास्त.' 'वरच्या खिशात चष्म्याची डबी मावली पाहिजे.' एका शेतकऱ्याच्या नावापुढे लिहिले होते, 'डावा हात आखूड, न विचारता बाही कमी करणे.' न विचारता! त्या माणसाला आपल्या हाताबद्दल चार लोकांत बोलायला लागू नये, एवढी काळजी त्या दोन शब्दांत होती.

दिवाळीच्या आधी पंधरा दिवस दुकान रात्रभर उघडे असे. दोन कारागीर नगावर काम करीत, एक पोरगा काजे-बटणाला असे. ज्यांना 'वसुबारसेला देतो' म्हटले त्यांना पाडव्याच्या पहाटे मिळत, आणि अण्णांच्या नावाने शंख होई. टेलर आणि वेळ यांचे कधीच जमले नाही हे मी मुलगी असूनही कबूल करते. लोक तयार कपड्यांकडे वळले त्यात आमच्या या उधारीच्या तारखांचाही वाटा आहे.

आता दुसरी बाजू. सध्या आमच्याकडे शर्टाची शिलाई ३५० रुपये आहे. सव्वादोन मीटर कापड साध्यातले घेतले तरी ४५० रुपये. म्हणजे एक शर्ट ८०० रुपयांना पडला. तेवढ्यात बाजारात दोन तयार शर्ट येतात, आणि ते लगेच अंगात घालता येतात. आमचे अर्थशास्त्राचे सर वर्गात म्हणाले, की मोठ्या प्रमाणावरच्या उत्पादनापुढे घरगुती उत्पादन टिकत नाही, यात हळहळण्यासारखे काही नाही. मला ते पटले. माझ्या आजीच्या लहानपणी वर्षाला एक परकर-पोलके मिळे आणि ते धाकट्या बहिणीच्या अंगावर जाऊन फाटे. आज मजुराच्या मुलालाही चार शर्ट असतात. ही गोष्ट लहान नाही. मी स्वतः तयार कुर्ते घालते. न घालता गळा काढला असता तर ते ढोंग झाले असते.

पण स्वस्त कपडा आकाशातून पडत नाही, तोही कुणीतरी शिवलेलाच असतो. कारखान्यात एक बाई दिवसभर फक्त कॉलर जोडते, दुसरी फक्त बाही. दहा वर्षे शिवूनही तिला अख्खा शर्ट येतोच असे नाही. बांगलादेशात २४ एप्रिल २०१३ रोजी राणा प्लाझा ही इमारत कोसळली आणि अकराशेहून अधिक माणसे मेली. त्यांतली बहुतेक परदेशी दुकानांसाठी कपडे शिवणारी होती. दोन शर्टांची किंमत काढताना हाही हिशेब कुठेतरी धरायला हवा.

शिवाय मापाचा प्रश्न आहेच. तयार कपड्यांवरची 'एल', 'एक्सएल' ही मापे आपल्याकडे बव्हंशी परदेशी तक्त्यांवरून आली. भारतीय शरीराचा स्वतंत्र तक्ता असावा म्हणून राष्ट्रीय फॅशन तंत्रज्ञान संस्थेने मुंबई, दिल्ली, कोलकाता, बंगळूर, हैदराबाद आणि शिलाँग या सहा शहरांत २५,००० माणसांची मापे यंत्राने घेण्याचा प्रकल्प हाती घेतला. चांगलेच आहे. पण त्यातूनही निघणार सरासरीच! डाव्या आखूड हाताची नोंद कोणत्या तक्त्यात बसवणार?

आमच्या धंद्यात एक शब्द आहे, 'माया'. शिवणीच्या आत जे जादा कापड दुमडून ठेवतात त्याला माया म्हणतात. पोरगा वाढेल, बाईचे अंग भरेल, तेव्हा शिवण उसवून कपडा मोठा करता यावा म्हणून. विकतच्या कपड्यात माया नसते. लाखभर शर्टांत दर शर्टामागे दोन बोटे कापड वाचले, तर केवढे वाचले बघा! अण्णांकडे रोज कुणीतरी फुगलेल्या पोटावर ताणलेला विकतचा शर्ट घेऊन येतो, "जरा सैल करून द्या." अण्णा शर्ट उलटा करून आतली शिवण दाखवतात. "सैल करायला आत काही नाही हो, साहेब."

आहेराच्या कापडाची गंमत तर सर्वांना ठाऊक असेल. आपल्याकडे लग्नात अजूनही पॅन्टपीस-शर्टपीस देतात. पण ते शिवतो कोण? ते ट्रंकेत जाते आणि पुढच्या लग्नात दुसऱ्याला जाते. आमच्याच घरी एक राखी रंगाचे पॅन्टपीस चार वर्षांनी परत आले. डब्यावरच्या शाईच्या डागावरून आईने ते ओळखले! एका गावातल्या या फिरत्या कापडाची नुसती शिलाई झाली असती, तरी दोन टेलर जगले असते.

एवढे सगळे खरे असूनही 'शिंपी संपले' हे मला मान्य नाही, आणि हे सांगण्यासाठीच हा लेख लिहायला घेतला.

अण्णांच्या दुकानात आज नवे काम थोडे, चेन बदलणे, लांबी कमी करणे, उसवलेले दाबणे हे जास्त. दोन्ही कारागीर गेले, त्यांतला एक सोलापूरला गणवेशाच्या कारखान्यात लागला. म्हणजे दुकान संपत आले हे खरे. पण आमचे घर कशावर चालते? आईच्या मशीनवर. स्वयंपाकघराच्या भिंतीला लागून ते मशीन आहे, त्यावर ना पाटी ना तसबीर. तिथे महिन्याला साठ-सत्तर ब्लाऊज शिवले जातात, पिको-फॉल वेगळे. गल्लीत अशा आणखी पाच बाया आहेत. तयार शर्टाने पुरुषाचा टेलर घालवला, पण ब्लाऊजला अजून तसे कुणी हरवलेले नाही. कारण अर्धा इंच इकडेतिकडे झाला तर ब्लाऊज अंगात जात नाही किंवा खांद्यावरून उतरतो. कटोरीचे चार तुकडे, मुंढ्याची गोलाई, तिरके कापड, आत अस्तर, हुकाची पट्टी. शर्टापेक्षा हे काम सोपे आहे असे कुणी म्हणू नये. मापावर शिवण्याची कला मेलेली नाही. ती हमरस्त्यावरच्या दुकानातून उठून स्वयंपाकघरात गेली आहे, आणि जाताना तिचे नाव व भाव दोन्ही रस्त्यात गळून पडले. अण्णा 'मास्तर' होते. आई 'ब्लाऊज शिवणारी बाई' आहे.

भावाचे बघा. अस्तराचा ब्लाऊज आई २५० रुपयांना शिवते. अस्तर, दोरा, हूक यांचे ६० वजा करा. राहिले १९०. कापण्यापासून हातशिलाईपर्यंत चार तास. तासाला ५० रुपयेसुद्धा पडत नाहीत. आणि तरीही, सहा हजारांची साडी घेऊन आलेल्या एका ताईंनी मागच्या लगीनसराईत तिच्याशी ५० रुपयांसाठी अर्धा तास हुज्जत घातली. साडीच्या दुकानात त्यांनी घातली असेल का? "तुम्हाला काय, घरातच बसून करायचं!" असे त्या म्हणाल्या. घरात बसून केलेले काम हे काम नसते, हे आपल्या समाजाचे फार जुने गणित आहे. वरती तोच धागा, तीच सुई. दुकानभाडे वाचते म्हणून भाव कमी असावा हे एक वेळ समजू शकते, पण कसबही वाचते का?

यंत्रांवर टीका करणाऱ्या गांधीजींनी १९२४ मध्ये शिवणयंत्राला मात्र अपवाद मानले होते. बायकोला हाताने शिवताना शिणलेली पाहून सिंगरने ते बनवले, अशी कथा त्यांनी कौतुकाने सांगितली. सिंगरचे पेटंट १८५१ चे. पावणेदोनशे वर्षे होत आली. रात्री अकराला आई तळव्यांना तेल लावीत बसते तेव्हा मला ही कथा आठवते आणि थोडे हसू येते.

सरकार काही करीत नाही असे नाही. १७ सप्टेंबर २०२३ रोजी सुरू झालेल्या प्रधानमंत्री विश्वकर्मा योजनेतल्या १८ व्यवसायांत शिंप्याचा समावेश आहे. प्रशिक्षण, अवजारांसाठी १५,००० रुपयांपर्यंत मदत, ५ टक्के व्याजाने कर्ज, अशी तरतूद आहे. पण आमच्या गल्लीत मशीन कमी नाहीत! कमी आहे तो दर. नवे मशीन आले म्हणून गिऱ्हाईक पन्नास रुपये वाढवून देत नाही.

गणवेशाचे उदाहरण तर ताजे आहे. २०२४-२५ या शैक्षणिक वर्षात राज्य शासनाने 'एक राज्य, एक गणवेश' ही योजना आणली. शासकीय शाळांतल्या मुलांसाठी एकाच प्रकारचे कापड, ते वरूनच कापून यायचे आणि महिला बचत गटांनी शिवायचे. बायकांना काम मिळणार म्हणून कल्पना वाईट नव्हती. पण मुलांना टेप लावलाच कुणी नाही. अनेक ठिकाणी स्वातंत्र्यदिन उलटला तरी गणवेश पोचले नाहीत. जे पोचले ते कुणाला घट्ट, कुणाला ढगळ, अशा तक्रारी वर्तमानपत्रांत आल्या. डिसेंबर २०२४ मध्ये निर्णय फिरवून अधिकार पुन्हा शाळा व्यवस्थापन समित्यांकडे देण्यात आला. माझ्या मते चूक बायकांच्या शिलाईत नव्हती. शिवणाऱ्या बाईच्या हातून कात्री काढून घेतली, तिच्यासमोर मूल उभे केले नाही, आणि मग कपडा मापात यावा अशी अपेक्षा केली. कात्री ज्याच्या हाती तो टेलर. बाकीचे नुसते मजूर. ही गोष्ट आमच्या घरातही तितकीच खरी आहे, आणि ती लिहिताना मला जड जाते.

अण्णांनी आजवर सात-आठ पोरांना शर्ट-पॅन्टचे कटिंग शिकवले. त्यातला आज एकही या धंद्यात नाही. मला मात्र शिकवले नाही. आईलाही नाही; ती जे शिकली ते जुने ब्लाऊज उसवून. मी विचारले की म्हणतात, "तू शिक. खुर्चीवर बस. हे शिकून माझं काय झालं ते दिसतंय ना?" यात माया आहे हे मला कळते. पण मागच्या मे महिन्यात मी हट्टच धरला. शेवटी त्यांनी ट्रंकेतले आहेराचे एक शर्टपीस काढून समोर टाकले, "बिघडलं तरी चालेल असं आहे हे." मी भावाचे माप घेतले, वहीत लिहिले, कापले. पाठीचा भाग अर्धा इंच आखूड आला. अण्णांनी खडूने खूण केली, बोलले काही नाही. दुसऱ्या दिवशी त्यांनी दुसरे पीस काढून ठेवले होते.

दिवाळीपासून आईच्या मशीनच्या वर मी पुठ्ठ्यावर दर लिहून लावले आहेत. साधा ब्लाऊज २००, अस्तराचा ३५०, कटोरी ४५०. खाली ठळक अक्षरात 'भाव करू नये'. आईला ते फार लाजिरवाणे वाटले. पहिले दोन दिवस तिने त्यावर टॉवेल टाकून ठेवला होता. मग मीच काढला. पुठ्ठा वाचून तीन बाया परत गेल्या. त्यांतली एक आठवड्याने कापड घेऊन आली, दुसरीने सुनेकडून पाठवले. तिसरी अजून आलेली नाही, आणि ती आमची सर्वांत जुनी गिऱ्हाईक होती. तिच्या मापाचा ब्लाऊज आईने अजून खुंटीवर ठेवला आहे.