छायालेखकाला वगळणारी समीक्षा

साहित्यकृतीचे माध्यमांतर शिकवताना आपण साहित्याचे प्राध्यापक एक सोपा उद्योग करतो. मूळ कथेतले कोणते प्रसंग गाळले, कोणते वाढवले, शेवट बदलला का, याची यादी करतो आणि तिलाच समीक्षा म्हणतो. प्रतिमा कशी घडली आणि कोणी घडवली, हा प्रश्न त्या यादीत बसत नाही. म्हणून तो विचारलाच जात नाही.

के. के. महाजन (१९४४-२००७) यांचे काम या सवयीला चोख उत्तर आहे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या या छायालेखकाला १९६९ ते १९७४ या काळातील चार चित्रपटांसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाले : 'सारा आकाश', 'उसकी रोटी', 'माया दर्पण' आणि 'कोरस'. त्यांपैकी पहिले तीन अनुक्रमे राजेंद्र यादव, मोहन राकेश आणि निर्मल वर्मा यांच्या साहित्यकृतींवर आधारलेले आहेत.

'उसकी रोटी'चे कथानक एका वाक्यात सांगता येते : बालो बसथांब्यावर जेवण घेऊन ड्रायव्हर नवऱ्याची वाट पाहते. मणी कौल आणि महाजन यांनी त्यासाठी २८ आणि १३५ मिलिमीटरची दोन भिंगे योजली. आरंभी एक भिंग बालोच्या प्रत्यक्ष जगण्याचे, तर दुसरे तिच्या कल्पनेचे. पुढे ही वाटणीच मोडते आणि प्रत्यक्ष-कल्पिताची सीमा पुसट होते. निवेदकाचा दृष्टिकोन म्हणून आपण जे तासन् तास शिकवतो, ते इथे भिंगांतून घडते. प्रसंगांच्या यादीत ते कुठे नोंदवणार?

यावर दोन आक्षेप ठरलेले. पहिला, हे श्रेय दिग्दर्शकाचे. संकल्पना दिग्दर्शकाची असेलही. पण नाटककाराची संहिता आहे म्हणून आपण नटाचे नाव खोडत नाही. दुसरा आक्षेप असा, की बासू चटर्जींचा 'रजनीगंधा'ही महाजनांनीच चित्रित केला, मग त्यांची स्वतःची शैली कोणती? शैली म्हणजे जागोजागी उमटवलेला शिक्का, हा समज त्यामागे आहे. उत्तम अनुवादकाच्या हातून दोन लेखक एकाच आवाजात बोलू लागले, तर आपण त्याला दोषच देतो. महाजनांच्या बाबतीत मात्र हाच गुण उणीव ठरतो.

मृणाल सेन यांच्या 'इंटरव्ह्यू'त (१९७१) ट्राममधला नायक थेट प्रेक्षकांशी बोलू लागतो आणि चित्रीकरण करणारे महाजन स्वतः पडद्यावर दिसतात. दिग्दर्शकाने छायालेखकाला असे सर्वांसमोर आणले, त्याला पन्नासहून अधिक वर्षे झाली. आपल्या प्रश्नपत्रिकेत तो यायला आणखी किती वर्षे लागणार?