अक्षरांचे वजनमाप

२०२३ च्या सप्टेंबरात जालना जिल्ह्यातील अंबड तालुक्याकडे साऱ्या महाराष्ट्राचे लक्ष वेधले गेले. अंतरवाली सराटीच्या आंदोलनानंतर शासनाने न्या. संदीप शिंदे यांची समिती नेमली आणि मराठवाड्यातील तहसिलींचे, शाळांचे व जिल्हा कचेऱ्यांचे दफ्तर कुणबी नोंदींसाठी उघडले गेले. त्या मागणीची योग्यायोग्यता हा येथील विषय नाही. परंतु दफ्तरे उघडताच एक निराळीच अडचण समोर आली. कागद होते, पण ते मोडीत होते किंवा उर्दूत होते आणि वाचणारी माणसे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी होती. पुढे अनेक जिल्ह्यांच्या संकेतस्थळांवर अशा पानांची छायाचित्रे चढविण्यात आली. काम झाल्यासारखे वाटले. प्रत्यक्षात कागद कपाटातून निघून यंत्रात गेला एवढेच झाले. तो वाचला गेला नाही. कारण संगणकाच्या लेखी छायाचित्र म्हणजे काळे-पांढरे ठिपके. त्यात खातेदाराचे नाव शोधू म्हटले तर यंत्राला ते सापडत नाही.

संगणकाला अक्षर कळत नाही, आकडा कळतो. कोणत्या अक्षराला कोणता आकडा द्यावयाचा याची सर्वमान्य यादी असेल तरच एका यंत्रावर लिहिलेले दुसऱ्यावर वाचता येते. अमेरिकेत १९६३ साली ‘आस्की’ नावाची अशी यादी ठरली. तिच्यात जागा होत्या अवघ्या १२८. इंग्रजीचे त्यात भागले. बाकीच्या जगाने आपापली सोय पाहावी असा तो मामला होता.

आपल्याकडे ही सोय ज्या रीतीने झाली ती मराठवाड्यातील जुन्या माणसांना ओळखीची वाटावी. निजामाच्या राज्यात हाली शिक्का चाले आणि सरहद्दीपलीकडे इंग्रजांचा कलदार. सात हाली रुपये म्हणजे सहा कलदार, असा हिशेब करीतच व्यापार चाले आणि प्रत्येक अदलाबदलीत कोणाची तरी दलाली निघे. संगणकावरील मराठीचे पुष्कळ वर्षे हेच झाले. प्रत्येक टंकसंच विकणाऱ्याने इंग्रजी अक्षरांच्या आकड्यांवर मराठी आकृत्या आपल्या मर्जीप्रमाणे चिकटविल्या. पडद्यावर ‘क’ दिसे. यंत्राच्या पोटात मात्र एखादे इंग्रजी अक्षर किंवा चिन्ह असे. एका कचेरीतून निघालेले पत्र दुसऱ्या कचेरीत उघडले की इंग्रजी अक्षरांचा अर्थहीन खिचडा समोर येई. लिपिक ते पुन्हा टंकित करी. त्या श्रमाची नोंद कोणत्याही अंदाजपत्रकात झाली नाही, म्हणून तो खर्च झालाच नाही असे म्हणता येणार नाही.

वस्तुतः तोडगा देशातच निघाला होता. कानपूरच्या आयआयटीत सुरू झालेले आणि पुढे पुण्याच्या सी-डॅकमध्ये वाढलेले काम ‘इस्की’ या संहितेच्या रूपाने १९९१ मध्ये भारतीय मानक ठरले. तिच्यामागील विचार वर्णमालेइतकाच सरळ होता. देवनागरी, गुजराती, बंगाली, तेलुगू या लिपींच्या आकृती भिन्न असल्या तरी त्यांच्या वर्णांचा क्रम एकाच परंपरेतला आहे. म्हणून ‘क’ ची जागा सर्वांत एकच. त्याच वर्षी जगापुढे आलेल्या ‘युनिकोड’ने इस्कीच्या १९८८ च्या आवृत्तीतील हीच मांडणी घेतली, मात्र प्रत्येक लिपीला १२८ जागांचा स्वतंत्र वाडा दिला. आज युनिकोडमध्ये दीडशेहून अधिक लिपी व दीड लाखाहून अधिक चिन्हे आहेत.

या व्यवस्थेचे मर्म असे की, ती आकृती साठवीत नाही, वर्ण साठविते. ‘क्ष’ ला स्वतंत्र आकडा नाही. ‘क’, हलन्त चिन्ह आणि ‘ष’ अशी तीन चिन्हे मिळून तो होतो. जुन्या टंकलेखनयंत्रावर ‘कि’ लिहिताना आधी वेलांटी उमटवावी लागे, कारण ती डोळ्यांना आधी दिसते. युनिकोडमध्ये ‘क’ आधी व वेलांटी नंतर, कारण उच्चार तसा आहे. उर्दू उजवीकडून डावीकडे लिहिली जाते, तरी तिची अक्षरेही वाचनाच्या क्रमानेच साठविली जातात. आकृतीची जबाबदारी टंकाकडे, अर्थाची संहितेकडे, अशी ही वाटणी आहे.

तथापि संहिता म्हणजे दगडावरची रेघ नव्हे. तीत उणिवा असतात आणि मागणी करणाऱ्याच्या त्या भरूनही निघतात. मराठीला नित्य लागणाऱ्या ‘ॲ’ ला स्वतंत्र जागा मिळाली ती २००८ मध्ये. तोपर्यंत लोक ‘अ’ वर चंद्र चढविण्यासाठी मध्ये एक अदृश्य जोडचिन्ह घालीत. दोन्ही रीतींनी लिहिलेला शब्द डोळ्यांना सारखाच दिसतो. यंत्राच्या लेखी ते दोन वेगळे शब्द असतात. ‘वाऱ्यावर’ मधला आडवा रफारही दोन रीतींनी लिहिता येतो. शिवाय संहितेत ‘ळ’ हा ‘ल’ च्या शेजारी बसला आहे, तर आपल्या वर्णमालेत तो ‘ह’ नंतर येतो. म्हणून केवळ आकड्यांच्या क्रमाने लावलेली यादी मराठी यादी होत नाही. या बाबी क्षुल्लक वाटतील. पण लाभार्थ्यांच्या यादीतील नाव आणि अर्जातील नाव यांची जुळणी जेव्हा यंत्र करते, तेव्हा न दिसणाऱ्या एका चिन्हामुळे खरा माणूस खोटा ठरू शकतो.

शासनाच्या इच्छेचे बळ किती असते याचा एक दाखला अर्थव्यवहारातच आहे. रुपयाच्या नव्या चिन्हाला केंद्रीय मंत्रिमंडळाने १५ जुलै २०१० रोजी मान्यता दिली आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात त्याला युनिकोडमध्ये जागा मिळाली. थोड्याच वर्षांत ते नाण्यांवर, नोटांवर व कळफलकांवर आले. मोडीलाही जागा मिळाली आहे. जून २०१४ मध्ये तिची ७९ चिन्हे युनिकोडमध्ये समाविष्ट झाली. परंतु रुपयाच्या चिन्हामागे बँका, टांकसाळ व खजिना उभा होता. मोडीमागे काही अभ्यासक व थोडे हौशी वाचक. घर मिळाले, राहावयास कोणी आले नाही. मोडीचे लक्षावधी कागद अजून चित्रेच आहेत.

समाईक मानक ही सार्वजनिक वस्तू आहे. तिचा लाभ सर्वांना होतो, म्हणूनच तिच्यासाठी पदरमोड करण्यास एकटा कोणी पुढे येत नाही. उलट ज्याचे गिऱ्हाईक त्याच्याच टंकाला बांधलेले आहे अशा विक्रेत्याचा फायदा गोंधळ टिकण्यात असतो. शेर-पायलीच्या जागी किलो आणि मण-आण्यांच्या हिशेबाच्या जागी दशमान आले ते व्यापाऱ्यांच्या उत्साहाने नव्हे. १९५६ च्या वजनमाप कायद्याने आणि १९५७ च्या नव्या पैशाने. अक्षरांच्या बाबतीतही शासनालाच ते करावे लागेल. कायद्याचीही येथे गरज नाही. सर्वांत मोठा लिहिणारा शासनच असल्यामुळे त्याचा आग्रह पुरेसा आहे.

हा आग्रह तीन ठिकाणी हवा. जुन्या टंकांतील सर्व दफ्तर युनिकोडमध्ये उतरवून ‘ॲ’ व आडवा रफार यांचे एकच रूप ठरविले जावे. मोडी व उर्दू कागदांच्या प्रत्येक छायाचित्राशेजारी त्याचे लिप्यंतर मजकूर म्हणून ठेवले जावे. आणि हे काम जिल्ह्याच्या महाविद्यालयांतील विद्यार्थ्यांना शिकवून, पानागणिक मेहनताना देऊन, दुसऱ्या वाचकाकडून तपासून घेतले जावे. जालन्यासारख्या जिल्ह्यात पदवीधर आहेत, काम नाही. कागद आहेत, वाचक नाही. या दोन उणिवा एकमेकींच्या उपयोगी पडाव्यात, यात अशक्य असे काहीच नाही.

यंत्रच आता मोडी वाचू लागेल, मग एवढा खटाटोप कशाला, असे विचारले जाईल. त्याचे उत्तर असे की, यंत्रही शिकते ते माणसाने आधी वाचून ठेवलेल्या पानांवरूनच. शिवाय यंत्राचे वाचन चुकले तर ते कोणी पकडावयाचे? जमिनीचा व जातीचा पुरावा अंदाजावर सोपविता येत नाही.

दुष्काळी जिल्ह्यात पाणी आधी की अक्षरे आधी, असाही प्रश्न येईल. पण भोकरदनच्या किंवा मंठ्याच्या शेतकऱ्याला पणजोबाच्या नोंदीची एक नक्कल मिळविण्यासाठी किती खेपा घालाव्या लागतात, किती रोज बुडतात, याचा हिशेब कोणी तरी मांडला पाहिजे. दफ्तर हीदेखील गरिबाची मालमत्ता आहे. ती त्याच्या नावे आहे, पण ज्या लिपीत आहे ती त्याला वाचता येत नाही आणि ज्या यंत्रात ठेवली आहे त्यालाही वाचता येत नाही. यातले निदान दुसरे दुखणे दूर करणे सर्वस्वी शासनाच्या हाती आहे.