तरंगती बेटे आणि लहरी काळ

कल्पनेच्या समुद्रावर बेटांची एक माळ तरंगत आहे. या बेटांची मुळे समुद्रतळाशी रुजलेली नाहीत. वारा नेईल तिकडे ती सरकत राहतात. एका बेटावर सूर्य उगवून मावळतो, तेवढ्या अवधीत शेजारच्या बेटावर पेरणी होते, कापणी होते आणि पुन्हा नांगर धरण्याची वेळ येते. असे काही एखाद्या मुलाने वहीच्या मागच्या पानावर लिहिले, की घरातील वडीलधारी माणसे बहुधा हसतात. ‘जगात नाही ते लिहून काय लाभ? त्यापेक्षा भूगोल वाच,’ असे त्याला ऐकवले जाते. हा उपदेश मायेपोटी केलेला असतो. तरीही तो योग्य नाही.

तरंगती भूमी तर जगात आहेच. मणिपुरातील लोकटाक सरोवरात पाणवनस्पती, मुळे आणि माती यांचे जाड थर तरंगत असतात. त्यांना फुमदी म्हणतात. त्यांवर झोपड्या बांधून कोळी राहत आले आहेत, आणि संगाई नावाचे दुर्मिळ हरीण त्यांवरच चरते. राहिला प्रश्न काळाचा.

काळ सर्वत्र सारखा चालत नसावा, ही शंका फार जुनी आहे. समुद्रात वसलेल्या कुशस्थली नगरीचा राजा ककुद्मी आपली कन्या रेवती हिला घेऊन ब्रह्मलोकी गेला, अशी कथा भागवतात आहे. कन्येसाठी योग्य वर कोण, हे त्याला ब्रह्मदेवास विचारायचे होते. तेथे गायन चालू होते, म्हणून तो क्षणभर थांबला. पण तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटली! राजाने मनात योजलेले सारे वर नाहीसे झाले; त्यांच्या नातवंडांचे, गोत्रांचे नावही कोणाच्या कानी उरले नाही. ही कथा ऐकणारा माणूस आकड्याने चकित होतो खरा, पण त्याच्या मनात घर करून राहतो तो परत आल्यावर कोणाच्याच ओळखीचा न उरलेला राजा.

तेव्हा दोष अद्भुतात नाही. दोष असलाच, तर तो ‘तेथे काहीही घडू शकते’ असे म्हणून मोकळ्या होणाऱ्या आळसात आहे. अँग्लो-आयरिश लेखक जोनाथन स्विफ्ट याने १७२६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या गलिव्हरच्या प्रवासवर्णनात लापुटा नावाचे आकाशात तरंगणारे बेट निर्माण केले. पण त्याने त्याला मोकाट सोडले नाही. ते एका प्रचंड लोहचुंबकाच्या बळावर तरंगते. आपल्या राजाच्या राज्याबाहेर ते जाऊ शकत नाही आणि चार मैलांहून उंचही चढत नाही. या मर्यादांमुळेच ते खरे वाटू लागते.

आपल्या बेटांनाही असा नियम लावून पाहावा. एका बेटावरचा एक दिवस म्हणजे शेजारच्या बेटावरचे एक वर्ष, एवढेच ठरवावे. मग शेजारच्या बेटावरची एक आई मीठ आणण्यासाठी पहिल्या बेटावर गेली आणि दुसऱ्या दिवशी परतली, तर दारात तिला कोण भेटेल? वर्षभराने मोठे झालेले, आणि कदाचित तिला न ओळखणारे तिचे मूल. उधार दिलेल्या धान्याचे व्याज कोणत्या बेटाच्या पंचांगाने मोजावे? दोन्हींकडे फेऱ्या मारणाऱ्या नावाड्याचे वय काय सांगावे? या प्रश्नांची उत्तरे शोधताना मुलाला त्रैराशिक मांडावे लागते, न्याय-अन्याय तोलावा लागतो आणि त्या आईचे दुःखही समजून घ्यावे लागते. उत्तर अवघड झाले म्हणून मध्येच नियम बदलणे मात्र लबाडी होय.

ज्या भूगोलाकडे त्या मुलाला पिटाळले जाते, त्यात तरी काळ कुठे सरळ वागतो? सात बेटे जोडून झालेल्या मुंबईचेच पाहा. भारताची प्रमाणवेळ ८२.५ पूर्व रेखांशावरून ठरते. मुंबई त्याच्या सुमारे पावणेदहा अंश पश्चिमेस आहे, आणि प्रत्येक अंशास चार मिनिटांचा फरक पडतो. १९०६ मध्ये प्रमाणवेळ सुरू झाली, तरी त्यानंतर कित्येक वर्षे मुंबई शहराने ३९ मिनिटे मागे असलेली आपली जुनी वेळ सोडली नाही. वेळ विचारणाऱ्याला कोणत्या घड्याळाची, हेही विचारावे लागे!

बेरिंगच्या सामुद्रधुनीत डायोमीड नावाची दोन बेटे आहेत. मोठे रशियाचे, धाकटे अमेरिकेचे. दोहोंत अंतर अवघे चार किलोमीटर. पण त्यांमधून आंतरराष्ट्रीय वाररेषा जाते. त्यामुळे हिवाळ्यात धाकट्या बेटावर सोमवारची दुपार झालेली असते, तेव्हा समोर दिसणाऱ्या मोठ्या बेटावर मंगळवारचे सकाळचे नऊ वाजलेले असतात.

प्रशांत महासागरातील सामोआ या बेटांनी तर याहून मोठे नवल केले. अमेरिकेशी असलेल्या व्यापाराच्या सोयीसाठी त्यांनी १८९२ मध्ये वाररेषेची बाजू बदलली, आणि ४ जुलै हा दिवस दोनदा पाळला. पुढे त्यांचा व्यवहार ऑस्ट्रेलिया व न्यूझीलंड यांच्याशी वाढला. तेव्हा २०११ मध्ये त्यांनी बाजू पुन्हा बदलली. २९ डिसेंबरच्या गुरुवारी रात्री लोक झोपी गेले, ते ३१ डिसेंबरच्या शनिवारी सकाळी उठले. ३० डिसेंबरला जन्मलेल्या तेथील मुलांचा वाढदिवस त्या वर्षी उजाडलाच नाही.