पावसाचा अंदाज सुधारला. आता नदीचा आलेख लोकांपर्यंत पोहोचायला हवा

२६ मे २०२५ रोजी ‘भारत फोरकास्ट सिस्टिम’ कार्यान्वित झाली. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेने विकसित केलेले हे प्रारूप ६ किलोमीटरच्या जाळीवर हवामानाचे गणित मांडते; त्यापूर्वीचे प्रारूप १२ किलोमीटरच्या जाळीवर चालत असे. एका मोठ्या चौकोनाच्या जागी आता चार लहान चौकोन आले आणि पावसाचे चित्र तेवढे सुस्पष्ट झाले. भारतीय विज्ञानाची ही कामगिरी निःसंशय अभिमानास्पद आहे. परंतु या बातमीच्या निमित्ताने ‘आता पुराचा अंदाजही अचूक मिळणार’ असे जे सर्रास म्हटले जाते, त्याविषयी थोडे सविस्तर लिहिणे मला आवश्यक वाटते.

पावसाचा अंदाज आणि पुराचा अंदाज या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पाऊस आकाशातून पडतो; पूर जमिनीवर घडतो. या दोहोंच्या मध्ये माती, उतार, शेते, तलाव, धरणे, पूल आणि खुद्द नदीचे पात्र उभे असते. पडलेल्या पावसाचे ही सारी व्यवस्था काय करते, हे ज्या एका वक्ररेषेत दिसते तिला हायड्रोग्राफ, अर्थात जलालेख म्हणतात. आडव्या अक्षावर वेळ आणि उभ्या अक्षावर नदीचा विसर्ग, म्हणजे दर सेकंदाला एखाद्या ठिकाणावरून वाहून जाणारे पाणी. एवढीच त्याची मांडणी. पण वाचता आला तर तो नदीचा स्वभाव सांगतो.

जलालेखाला चढती बाजू, शिखर आणि उतरती बाजू असते. चढती बाजू किती उभी आहे यावरून गावाला सावरायला किती तास मिळणार ते कळते. शिखर किती उंच, यावरून पाणी कुठवर शिरणार याची कल्पना येते. उतरती बाजू बहुधा संथ असते, कारण मातीत आणि भूगर्भात मुरलेले पाणी सावकाश पाझरत राहते. लोकांना घरी केव्हा परतता येईल, हे तीच सांगते. वक्ररेषेखालचे क्षेत्रफळ म्हणजे वाहून गेलेल्या पाण्याचे एकूण आकारमान. १ लाख क्युसेकचा विसर्ग दिवसभर टिकला, तर सुमारे ८.६ टीएमसी पाणी त्या ठिकाणावरून जाते. ‘अमुक लाख क्युसेक विसर्ग’ ही बातमी म्हणूनच अपुरी असते. तो किती वेळ टिकला, हे सांगितल्याखेरीज तिला अर्थ येत नाही.

एक साधा हिशेब करू. १,००० चौरस किलोमीटरच्या पाणलोट क्षेत्रावर १०० मिलिमीटर पाऊस पडला आणि त्यातील निम्मे पाणी नदीत आले, तर ते ५ कोटी घनमीटर होते. हे पाणी तीन दिवसांत वाहून गेले, तर सरासरी विसर्ग १९० घनमीटर प्रतिसेकंदाच्या आसपास राहील. तेच पाणी बारा तासांत आले, तर सरासरी विसर्ग ११५० च्या पुढे जाईल. पाऊस तोच, पाणी तेवढेच, विसर्ग मात्र सहापट. या सहापटीचे उत्तर उपग्रहाकडे नसते. ते जमिनीकडे असते.

मी भिलाईत राहतो, म्हणून उदाहरण शिवनाथेचे घेतो. दुर्ग-भिलाईच्या पश्चिमेकडून वाहणारी ही नदी महानदीची सर्वांत मोठी उपनदी. केंद्रीय जल आयोग तिचे पाणी दुर्गजवळ कोटनी येथे मोजतो, पुढे खारून नदी मिळाल्यानंतर सिमगा येथे आणि आणखी खाली जोंधरा येथे. कोटनीपर्यंतचे पाणलोट क्षेत्र सुमारे ७,००० चौरस किलोमीटर, सिमग्यापर्यंतचे सुमारे १६,००० आणि जोंधऱ्यापर्यंतचे २९,००० हून अधिक. एकाच पावसाचे या तीन ठिकाणचे जलालेख एकाखाली एक मांडले, तर पूर कसा प्रवास करतो ते डोळ्यांना दिसते. शिखर खाली सरकताना उशिरा येते आणि पसरट होत जाते. मात्र उपनदीचे शिखर नेमके त्याच वेळी येऊन मिळाले, तर ते पुन्हा उंचावते. दुर्गच्या लोकांना दर पावसाळ्यात ‘मोंगरा बॅरेजमधून पाणी सोडले’ एवढीच बातमी मिळते आणि महमरा एनिकटवरून पाणी वाहू लागले की धोका लक्षात येतो. वरून सोडलेले पाणी किती तासांनी पोहोचेल, येथे नदी किती चढेल आणि किती वेळ चढलेली राहील, हे सांगणारी वक्ररेषा त्यांच्या हाती येत नाही.

छत्तीसगडच्या जमिनीची आणखी एक खुबी आहे. येथील कन्हार ही काळी माती उन्हाळ्यात भेगाळते आणि पहिल्या पावसाचे पाणी अधाशासारखे पिते. ओली झाली की फुगून भेगा मिटवते. धानाची बांधबंदिस्त शेते तर हजारो छोट्या जलाशयांसारखी असतात. जूनमध्ये ती रिकामी असतात. ऑगस्ट सरता सरता तुडुंब भरतात. तेव्हा जूनमधला शंभर मिलिमीटर पाऊस आणि सप्टेंबरमधला शंभर मिलिमीटर पाऊस यांचे जलालेख सारखे निघण्याचा संभव फार कमी. महानदीचे २००८ आणि २०११ चे मोठे पूर सप्टेंबरमध्येच आले, हे येथे आठवावे. गावोगावचे तलाव बुजवून आणि शेतांवर काँक्रीट ओतून आपण नेमकी हीच साठवण नाहीशी करत आहोत. त्यानंतर पाऊस पूर्वीइतकाच पडला, तरी शिखर अधिक उंच आणि अधिक लवकर येणार.

भौतिकशास्त्राच्या विद्यार्थ्याला हा विषय परका वाटू नये. अमेरिकन अभियंता लेरॉय शर्मन याने १९३२ मध्ये ‘एकक जलालेखा’ची कल्पना मांडली: ठरावीक काळात पाणलोटावर एक एकक परिणामी पाऊस पडला असता नदी जो प्रतिसाद देते, तो एकदा ठरवला की कोणत्याही पावसाचा प्रतिसाद अशा तुकड्यांच्या बेरजेने काढता येतो. घंटेवर एक टोला मारून तिचा नाद ओळखावा, तसेच हे. पुढे १९५७ मध्ये नॅश याने पाणलोट म्हणजे एकाखाली एक ठेवलेल्या हौदांची माळ आहे, अशी कल्पना करून त्या प्रतिसादाला नेटके गणिती रूप दिले. ही बेरीज अर्थातच पूर्णतः खरी नसते: मोठा पूर लहान पुरापेक्षा वेगाने धावतो आणि ओली जमीन कोरड्या जमिनीपेक्षा वेगळी वागते. तरीही आजच्या अनेक प्रारूपांच्या मुळाशी हाच विचार आहे. आणि नदीचा प्रतिसाद प्रत्यक्ष मोजल्याशिवाय त्यांपैकी कोणतेही प्रारूप पडताळता येत नाही.

येथेच आपली खरी उणीव आहे. विसर्ग सतत मोजणे अवघड असते. सामान्यतः पाण्याची पातळी मोजतात आणि पातळी व विसर्ग यांच्यातील पूर्वी ठरवलेल्या संबंधावरून विसर्ग काढतात. हा संबंध ठरवण्यासाठी निरनिराळ्या पातळ्यांना प्रवाहाचा वेग प्रत्यक्ष मोजावा लागतो. ऐन महापुरात असे मोजमाप धोकादायक, कधी अशक्य असते. परिणामी वक्ररेषेचा जो भाग माणसांच्या जिवाशी निगडित, तोच सर्वांत कमी मोजलेला आणि सर्वाधिक अनुमानावर बेतलेला असतो. शिवाय गाळ साचला, वाळू उपसली, पूल बांधला की पातळी आणि विसर्ग यांचे नाते बदलते आणि जुने कोष्टक दिशाभूल करू लागते.

दिल्लीतील यमुनेचे उदाहरण पाहा. ऑगस्ट २०१९ मध्ये हथिनीकुंड बॅरेजवरील विसर्ग ८.२८ लाख क्युसेकपर्यंत गेला होता; दिल्लीच्या जुन्या रेल्वे पुलापाशी पातळी २०६.६० मीटरपर्यंत चढली. जुलै २०२३ मध्ये त्याच बॅरेजवरील कमाल विसर्ग सुमारे ३.५९ लाख क्युसेक, म्हणजे निम्म्याहूनही कमी होता. पण दिल्लीत पातळी २०८.६६ मीटरवर पोहोचली आणि १९७८ चा २०७.४९ मीटरचा उच्चांक मोडला. कमी शिखर, अधिक पातळी. वरच्या विसर्गाच्या शिखराकडे पाहून दिल्ली निर्धास्त राहिली असती, तर बुडाली असती. विसर्ग किती काळ टिकला, मधल्या पात्रावर किती अतिक्रमण झाले, किती गाळ साठला, आयटीओ बॅरेजचे कोणते दरवाजे उघडले नाहीत, या साऱ्यांचा जाब शिखराच्या एका आकड्याला देता येत नाही. त्यासाठी पूर्ण वक्ररेषा लागते, आणि तीही एकाहून अधिक ठिकाणची.

मराठी वाचकांना सांगली आणि कोल्हापूर अधिक जवळचे. २००५, २०१९ आणि २०२१ च्या महापुरांनंतर अलमट्टी धरणाच्या फुगवट्याचा वाद विधिमंडळापासून चहाच्या टपरीपर्यंत रंगला. या प्रश्नाचे उत्तर राजकीय निष्ठेवर अवलंबून असण्याचे कारण नाही. फुगवटा असेल, तर त्याची खूण निश्चित असते: तेवढ्याच विसर्गाला पाण्याची पातळी पूर्वीपेक्षा अधिक दिसते आणि हा फरक धरणाकडे जावे तसा वाढत जातो. सांगली, कुरुंदवाड आणि त्याखालच्या केंद्रांवरील धरणापूर्वीच्या व धरणानंतरच्या नोंदी शेजारी शेजारी ठेवल्या, वारणा आणि पंचगंगा यांचे जलालेख त्यांना जोडले, तर कोणता वाटा पावसाचा, कोणता संगमांचा, कोणता पात्रातील अडथळ्यांचा आणि कोणता धरणाचा, हे बऱ्याच अंशी उलगडता येते. समित्यांनी हे काम केलेही आहे. परंतु ज्या नागरिकाचे घर बुडाले, त्याला त्या आलेखांवर स्वतः बोट ठेवून पाहता आले पाहिजे. अन्यथा अहवालावरही तो तेवढाच विश्वास ठेवील, जेवढा भाषणावर ठेवतो. महानदीच्या पाण्यावरून ओडिशा आणि छत्तीसगड २०१८ पासून लवादापुढे उभे आहेत. तेथेही दोन्ही राज्यांना मान्य होईल अशा प्रवाहाच्या नोंदींहून मोठा साक्षीदार दुसरा नाही.

‘आता कृत्रिम बुद्धिमत्ता हे सारे करील’ असेही म्हटले जाते. गूगलच्या संशोधकांनी २०२४ मध्ये ‘नेचर’मध्ये दाखवून दिले, की मोजणी केंद्र नसलेल्या नद्यांच्या पुराचाही उपयुक्त अंदाज देता येतो. काम खरोखरच चांगले आहे. पण ते प्रारूप शिकले कशावर? जगभरच्या ५,६८० मोजणी केंद्रांच्या नोंदींवर. कुणीतरी, कुठेतरी, वर्षानुवर्षे पावसात उभे राहून पट्टीवरचा आकडा वहीत लिहिला, म्हणून यंत्राला शिकता आले. आपल्याकडे गंगा, ब्रह्मपुत्रा आणि सिंधू खोऱ्यांच्या प्रवाहाच्या नोंदी गोपनीय वर्गात मोडतात. संशोधकालाही त्या परवानगीवाचून मिळत नाहीत. शेजारी देशांशी वाटाघाटी असतात, हे मान्य. तथापि अनेक दशकांपूर्वीचे पूर आजच्या वाटाघाटीत कोणते गुपित फोडणार आहेत, हा प्रश्न विचारायला हवा. कृष्णा, गोदावरी, महानदी यांच्या नोंदी बऱ्याच अंशी खुल्या आहेत, आणि त्यामुळे देशाचे काही नुकसान झाल्याचे दिसत नाही.

माझे म्हणणे चार मागण्यांत सांगता येईल. पहिली: पुराचा इशारा ‘धोक्याच्या पातळीवर’ या दोन शब्दांत न देता वक्ररेषेच्या रूपात द्यावा, नदी केव्हा चढेल, शिखर कधी आणि किती, ओसरायला किती काळ लागेल, आणि या अंदाजात अनिश्चितता किती, हे त्यात दिसावे. केंद्रीय जल आयोगाने २०२३ मध्ये ‘फ्लडवॉच इंडिया’ हे अ‍ॅप आणले, ते योग्य दिशेचे पाऊल आहे. आता राज्यांची लहान केंद्रे आणि स्थानिक भाषा त्यात याव्यात. दुसरी: प्रत्येक धरणाने व बॅरेजने विसर्गाचे तासवार नियोजन आलेखासह जाहीर करावे. तिसरी: महापुरातील विसर्ग दुरून मोजणारी रडार आणि ध्वनिलहरींवर चालणारी उपकरणे यांना, तसेच ती सांभाळणाऱ्या माणसांना, महासंगणकाइतकेच प्राधान्य मिळावे. चौथी: जुन्या नोंदी, निदान ठरावीक वर्षांनंतर, सर्वांसाठी खुल्या व्हाव्यात.

आयर्विन पुलाखाली पाणी चाळीस फुटांवर गेले की इशारा आणि पंचेचाळीसवर धोका, हे सांगलीतील शाळकरी मुलालाही ठाऊक असते. जे लोक एक आकडा इतक्या सहज वाचतात, त्यांना वक्ररेषा वाचता येणार नाही असे मानणे हा त्यांच्या बुद्धीचा अवमान आहे. आपल्या गावाजवळचे मोजणी केंद्र कोणते, त्याची इशारा पातळी आणि धोका पातळी किती, आणि तासाला नदी किती चढते आहे, एवढे प्रत्येकाने या पावसाळ्यापूर्वी जाणून घ्यावे आणि उरलेले प्रशासनाकडे मागावे. महासंगणकाने पावसाचे काम चोख केले. नदीचे काम आपल्याला जमिनीवर उतरूनच करावे लागेल.